आगीची भेग आणि हाताची भेग

ऑरिन टॉलमनचा हात कधी थरथरला नाही, हे नेवाडातल्या त्या पठारावरचा कुणीही शपथेवर सांगेल. पठाराचं नाव जॅकअॅस फ्लॅट्स, म्हणजे सरळसरळ गाढवांचं माळरान. मंगळावर माणसं नेणारं इंजिन जिथं पेटवून बघतात त्या जागेला असलं नाव, म्हणून बाहेरच्यांना हसू यायचं. पहाटे सव्वाचारची बस रोज पकडणाऱ्या आम्हा मंडळींना ते नाव अगदी रास्त वाटायचं.

ऑरिन मूळचा कॅलिएंटेचा, रेल्वेच्या गावचा. तिथं त्याच्या मामाचं घड्याळदुरुस्तीचं दुकान होतं. रेल्वेच्या गार्डांची आणि ड्रायव्हरांची खिशातली घड्याळं तपासून द्यायची, हा त्यांचा मुख्य धंदा. आठवड्याला अर्ध्या मिनिटाहून जास्त चुकणारं घड्याळ घेऊन गाडीवर चढायची सोय नव्हती. पुढं डिझेलची इंजिनं आली, गावातलं यार्ड ओस पडलं, मामा वारला, आणि ऑरिन बायको थेल्मा आणि मुलगी यांना घेऊन लास व्हेगासला आला. पठारावर तेव्हा भरती चालू होती. मुलाखत घेणाऱ्यानं त्याला यांत्रिक हातांच्या मुठी धरायला दिल्या आणि काचेपलीकडच्या टेबलावरचं अंडं उचलून पेल्यात ठेव म्हणाला. ऑरिननं उचललं, ठेवलं आणि विचारलं, "फोडून देऊ का?" नोकरी तिथल्या तिथं पक्की झाली.

काम काय, हे थेल्माला सांगताना त्याला पहिल्यांदा जड गेलं होतं. चर्चच्या जेवणात शेजारणी विचारायच्या आणि ती गप्प बसायची. शेवटी एका रविवारी बीन्सचं भांडं पुसता पुसता तिनं त्याला धरलंच.

"मला एकदा नीट सांग. अणुबॉम्बवर बसून मंगळावर जाणार आहेत का ही माणसं?"

"अगं, बॉम्ब नाही. शेगडी समज. कांड्या आहेत ग्रॅफाइटच्या, आत युरेनियम मुरवलेलं. बोटाएवढ्या जाड, सव्वा मीटर लांब, सहा कडांच्या. अशा हजाराच्या वर कांड्या एकत्र उभ्या केल्या की आपोआप तापतात, पांढऱ्याफटक होतात. प्रत्येक कांडीला उभी एकोणीस भोकं. त्या भोकांतून हायड्रोजन सोडायचा. तो तापतो आणि मागून सुसाट सुटतो. झालं रॉकेट."

"आणि जळत काय?"

"काहीच जळत नाही! तीच तर गंमत आहे. साध्या रॉकेटमध्ये जाळून झालेला जड धूर मागं फेकतात. इथं सगळ्यात हलका वायू फेकायचा. जेवढा हलका तेवढा जोरात सुटतो. म्हणजे तेवढ्याच वजनाच्या इंधनात दुप्पट ढकल. मंगळाची वाट काही महिन्यांनी कमी होते."

"मग जात का नाही अजून?"

"कारण तापलेला हायड्रोजन ग्रॅफाइट खातो. उंदरानं साबण खावा तसा. म्हणून भोकांना आतून एक लेप देतात. तो लेप टिकला तर जाणार."

लेप टिकला की नाही, हे कळायचं मात्र ऑरिनच्या खिडकीत. इंजिन अर्धा तास धडाडून पेटवलं की ते इतकं किरणोत्सारी व्हायचं की जवळ जाणारा माणूस परत आला नसता. मग पठारावरची चिमुकली रेल्वे ते ओढून आणायची, चालत्या माणसानं मागं टाकावं अशा चालीनं. मोठ्या शेडमध्ये, दोन मीटर जाडीच्या काचेमागं, इंजिन कांडी कांडी करून उलगडायचं. काच पिवळसर दिसायची. अलीकडे खिडकीवाला माणूस, पलीकडे त्याचे लोखंडी हात. पूर्वेकडच्या अर्ध्या कांड्या ऑरिन काढायचा, पश्चिमेकडच्या मॅनी ओल्गिन.

प्रत्येक खिडकीशेजारी एक फळा टांगलेला असे आणि त्यावर खडूनं आकडा लिहिलेला: एकही न मोडता सलग किती कांड्या काढल्या. एक मोडली की पुन्हा शून्य. ही पद्धत कुणी घालून दिली होती कुणास ठाऊक, पण मुकादम ड्यूई गॅरिटी रोज चहाच्या वेळी तो आकडा बघायला यायचा आणि हरणाऱ्याची मनसोक्त टर उडवायचा. मॅनीचा आकडा कधी शंभरावर गेला नव्हता. ऑरिनच्या फळ्यावर तीन इंजिनं झाली तरी शून्य आलं नव्हतं.

त्याचं गुपित सगळ्यांना माहीत होतं. पेटलेल्या इंजिनात कांड्या एकमेकींना चिकटून बसतात. नियमपुस्तकात लिहिलेलं, कांडी सरळ वर काढावी. सरळ ओढली की ती अडायची आणि मॅनी बिचारा कांडी हलवत, थांबत, पुन्हा हलवत दिवसाला वीस काढायचा. ऑरिन कांडीला उजवीकडे एक बारीकसा पीळ द्यायचा, घड्याळाला चावी द्यावी तसा; ही युक्ती त्याला पहिल्या इंजिनाच्या शेवटाला सापडली होती आणि पुढं अंगवळणी पडत गेली होती. कांडी सुटायची आणि लोण्यातून यावी तशी वर यायची. दिवसाला पन्नास. याला सगळे 'ऑरिनची चावी' म्हणत. ड्यूईनं नियमपुस्तकाकडे काणाडोळा केला होता, कारण त्या चावीनं वरच्या लोकांचे आठवडेच्या आठवडे वाचत होते.

"लोखंडी हातातून कळतं तरी काय रे तुला?" मॅनी एकदा वैतागून म्हणाला होता.

"कळतं," ऑरिन म्हणाला होता. "हाताला कळतं."

असं बोलल्यावर माणूस आयुष्यभर त्या शब्दांना बांधला जातो.

एकोणीसशे सहासष्टच्या वसंतात तिसऱ्या इंजिनाच्या कांड्या तपासून झाल्या आणि लेपवाल्या डॉक्टर हेस्टर ब्रॅनक यांच्यावर आभाळ कोसळलं. हेस्टरबाई पठारावरच्या दोन-तीन बायकांपैकी एक. केस आखूड, बोलणं त्याहून आखूड. लेपाचं मिश्रण त्यांचं. तपासणीच्या खोलीत भिंतीवर इंजिनाचा नकाशा लावलेला असे, मधमाश्यांच्या पोळ्यासारखा, एकेका कांडीचं एकेक घर. भेग पडलेली कांडी लाल पेन्सिलीनं रंगवायची. पहिल्या इंजिनाला थोडं लाल होतं, दुसऱ्याला जास्त, तिसऱ्याला तर पूर्वेची बाजू गोवर उठल्यासारखी. वरून आलेल्या साहेबांचं म्हणणं पडलं, इंजिन विझून थंड होताना लेप आणि ग्रॅफाइट वेगवेगळे आकसतात, त्या ओढाताणीत कांडी तडकते. पूर्वेकडे वायू जास्त थंड येत असणार. म्हणजे दोष लेपाचा. दहा दिवसांनी बैठक, आणि बैठकीत हेस्टरबाईंचं मिश्रण बंद करून दुसऱ्या कुणाचं तरी घ्यायचं. सहा वर्षांचं काम दहा दिवसांत केराच्या टोपलीत जाणार होतं.

बाईंना बैठकीत दाखवायला एक कांडी भेगेवरच उघडून हवी होती, आतला लेप न दुखवता. असलं नाजूक काम कोण करणार? त्यांनी ड्यूईकडून ऑरिनला मागून घेतलं.

ऑरिननं तिथल्या काचेपलीकडच्या लोखंडी हातांनी कांडी भेगेवर अलगद उघडली. बाई काचेतून पलीकडे गेलेल्या भिंगाच्या नळीतून आतला लेप बघत राहिल्या आणि पुटपुटल्या, "लेप तर शाबूत आहे हो. कडाही ताज्या, वायूनं न खाल्लेल्या. म्हणजे थंड होतानाच तडकलीय. खरंच म्हणतात ते." मग त्यांनी चष्मा काढून डोळे चोळले आणि फोन घ्यायला बाहेर गेल्या.

ऑरिननं सहज नळीला डोळा लावला. भेग कांडीभोवती आडवी गेलेली नव्हती. न्हाव्याच्या दुकानापुढच्या खांबावर रंगीत पट्टा पिळासारखा फिरत चढतो ना, तशी ती तिरपी चढत गेली होती. त्यानं शेजारच्या पेटीतली दुसरी कांडी काढली. तिरपी. तिसरी. तीही तिरपी, आणि त्याच बाजूला चढलेली. 

जेवणाच्या सुट्टीत तो आपल्या खिडकीपाशी एकटाच गेला. फळ्याखालचा खडू उचलला. आधी दोन्ही टोकांना धरून वाकवला. खडू मोडला, सरळ आडवा. दुसरा खडू घेतला आणि उजवीकडे पिळला. कट्. मोडलेलं टोक तिरपं होतं, जिभेसारखं. त्यानं तिसरा पिळला, चौथा पिळला. सगळे तिरपे, सगळे एकाच बाजूला. खडूची डबी संपली तेव्हा त्याच्या पँटवर पांढरा चुरा सांडला होता.

मोडली नव्हती म्हणून फळ्यावर शून्य आलं नव्हतं. पण जवळजवळ प्रत्येक चावीला कांडी आतून तडकत होती, केसाएवढी, आणि तो आवाज, ती बारीक कट्, लोखंडी हातांच्या तारांत विरून जात होती. हाताला काहीही कळत नव्हतं.

 दोन दिवस तो बसमध्ये पत्ते खेळायला बसला नाही. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी जेवताना थेल्मानं भाजलेल्या कोंबडीची ताटली त्याच्यापुढं सरकवली आणि म्हणाली, "खा, नाहीतर बोल. दोन्हीपैकी एक कर."

तो बोलला. 

"मग सांगून टाक ना त्या बाईला," ती शेवटी म्हणाली.

"अगं, सांगून टाक म्हणजे? खिडकी जाईल माझी. मला दुसरं येतं काय?"

"आणि नाही सांगितलंस तर?"

"तर बाईंचं काम जाईल. माझं राहील."

"चुकून झालं हे. मुद्दाम थोडंच केलंस!"

"आत्तापर्यंत चुकून," ऑरिन म्हणाला. "उद्या गप्प बसलो तर मुद्दाम."

दुसऱ्या दिवशी तो आधी ड्यूईकडे गेला, रीतीप्रमाणे. ड्यूईनं सगळं ऐकलं, ऑफिसचं दार लावून घेतलं आणि डोक्याला हात लावला.

"लेका, हे आत्ता सांगतोस? तीन इंजिनांचे रिपोर्ट वॉशिंग्टनला गेलेत. तिथं आधीच अर्धे लोक म्हणतायत, चंद्र पुरे, मंगळ कशाला. आता मी काय कळवू? की साहेब, आमच्या घड्याळजीनं तुमचं इंजिन पिळून काढलं?"

"तसंच कळव. खरं तेच आहे."

"आणि नियमपुस्तक बाजूला ठेवायला मीच सांगितलं, तेही कळवू?"

 ड्यूई हलकट नव्हता. दोन मुलांना कॉलेजात घातलेला, निवृत्तीला चार वर्षं राहिलेला माणूस होता, आणि भेदरला होता.

"चावी यापुढं बंद," ड्यूई आवाज उतरवून म्हणाला. "चौथ्या इंजिनापासून सरळ काढ. भेगा आपोआप कमी होतील. नव्या लेपानं कमी झाल्या म्हणतील. कुणाचं काही बिघडणार नाही."

"बाईंचं बिघडेल."

"ती शिकलेली आहे. तिला कुठंही नोकरी मिळेल."

"आणि नवा लेप खरंच चांगला आहे की वाईट, हे कुणाला कळेल?" ऑरिननं विचारलं. "ते घेऊन माणसं बसणार आहेत वर, ड्यूई."

ड्यूईनं खिडकीबाहेर बघितलं. मग म्हणाला, "माझं नाव घ्यायचं तर घे. पण मला आज काही विचारू नकोस." ऑरिन तिथून थेट हेस्टरबाईंच्या खोलीत गेला. जाताना त्यानं मॅनीच्या फळ्याखालचे दोन खडू खिशात घातले.

बाईंनी ऐकून घेतलं. त्यांच्यापुढं त्यानं एक खडू वाकवून मोडला आणि एक पिळून. दोन्ही तुकडे कागदावर शेजारी शेजारी ठेवले. ऑरिनला वाटलं होतं, बाईंचा जीव भांड्यात पडेल, कदाचित त्या आभारही मानतील. बाई उठून उभ्या राहिल्या. रागानं त्यांचे ओठ पांढरे पडले होते.

"दीड वर्ष," त्या म्हणाल्या. "दीड वर्ष मी न बिघडलेली गोष्ट दुरुस्त करत बसलेय. रविवार नाही, ख्रिसमस नाही. माझी आई गेली तेव्हा मी भट्टीपाशी होते, मिस्टर टॉलमन. आणि तुम्ही तिकडे फळ्यावर आकडे लिहीत होतात!"

"हो," ऑरिन म्हणाला. 

"बैठकीत हे खडू चालणार नाहीत. सगळ्यांपुढं करून दाखवावं लागेल. न पेटवलेल्या कांडीवर. तुमच्या त्या यांत्रिक हातांनी."

"दाखवतो."

बैठकीच्या दिवशी त्या खिडकीपाशी अकरा माणसं उभी होती. टाय लावलेले साहेब, हेस्टरबाई, मॅनी आणि सगळ्यात मागं ड्यूई. काचेपलीकडे कोरी कांडी साच्यात चिकटवून उभी केली होती. ऑरिननं मुठी धरल्या. चार वर्षांत त्यानं हे हजारावर वेळा केलं होतं, पण मोडण्यासाठी एकदाही नाही, आणि त्याला एकच भीती वाटत होती, की आज हात नकळत जपून चालेल. म्हणून त्यानं डोळे मिटले आणि नेहमीसारखी चावी दिली. कांडी लोण्यातून यावी तशी वर आली. एक साहेब म्हणाला, "वा! कुठं काय झालं?"

"भिंगातून बघा," ऑरिन म्हणाला.

साहेबानं बघितलं आणि बराच वेळ डोळा काढला नाही. मग दुसऱ्यानं बघितलं. पाच कांड्यांपैकी चार तिरप्या तडकल्या होत्या. मॅनीनं आपल्या पद्धतीनं, हलवत थांबत, पाच काढल्या, त्यातली एकही तडकली नाही. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. तेवढ्यात मागून ड्यूई घसा खाकरून म्हणाला, "चावी वापरायला मी परवानगी दिली होती. ते लिहून घ्या." त्याला कुणी विचारलं नव्हतं.

लेपाचा निर्णय पुढं ढकलला. ऑरिनची खिडकी त्याच दुपारी गेली. त्याच्या जागी बसवायला कुणी तयार होईपर्यंत मॅनीच दोन्ही बाजू सांभाळणार होता. फळे दोन्ही काढून टाकले. ऑरिनला वाटलं, आता झाडू मारायला लावतील किंवा घरी पाठवतील. पण हेस्टरबाईंनी त्याला मागून घेतलं, आणि त्यात काही दयामाया नव्हती. तिन्ही इंजिनांच्या तडकलेल्या कांड्यांतल्या काही नमुना म्हणून साठवून ठेवल्या होत्या, एकूण सत्त्याण्णव. त्यातली हाताची भेग कुठली आणि आगीची कुठली, हे निवडायचं होतं. तिरपी असेल तर हाताची, नकाशावर निळी. आडवी असेल तर आगीची, ती लालच राहणार. तिरप्या भेगांची नजर त्याच्याइतकी कुणाला नव्हती.

पहिला आठवडा निळाच निळा गेला. ऑरिन भिंगातून बघायचा आणि म्हणायचा, "माझी." बाई निळी पेन्सिल फिरवायच्या. "माझी." पुन्हा निळी. दर वेळी तो शब्द उच्चारणं जिवावर यायचं, पण तो पुटपुटला नाही, खणखणीत बोलला. बाईंचा राग दिवसागणिक उतरत गेला. एकदा तर त्यांनी आपल्या डब्यातलं अर्धं सँडविच त्याच्याकडे सरकवलं. सत्तर निळ्या झाल्या तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर सहा वर्षांत न दिसलेलं काहीतरी दिसायला लागलं होतं. लेप टिकला होता. त्यांचा लेप मंगळावर जाणार होता.

सत्तरीनंतरची एक कांडी ऑरिन फार वेळ बघत राहिला.

"माझी ना?" बाईंनी पेन्सिल आधीच टेकवली होती.

"नाही."

"म्हणजे?"

"आडवी आहे. कडा गोल झाल्यात, वायूनं खाल्लेल्या. ही पेटलेली असतानाच तडकलीय."

बाई उठल्या. त्यांनी भिंगातून बघितलं. त्यांना दिसलं नाही असं नाही. त्या तशाच वाकून, नळीपासून डोळा न काढता म्हणाल्या, "सत्तर तुमच्या आहेत. एकाहत्तर असल्या तर तुमचं आणखी काय जाणार आहे? कुणी विचारणारही नाही."

त्या बोलल्या ते खरं होतं. त्याचं जायचं ते सगळं गेलेलं होतं. आणि या बाईंचं त्यानं जे नुकसान केलं होतं ते भरून द्यायची एवढी स्वस्त संधी त्याला पुन्हा मिळणार नव्हती. एक शब्द म्हणायचा होता, तोही रोजचाच. त्याला तो खरंच म्हणावासा वाटला.

"डॉक्टरबाई," तो म्हणाला, "माझ्या होत्या त्या सगळ्या मी घेतल्या. ही माझी नाही. ही तुमची आहे."

 बाईंनी निळी पेन्सिल खाली ठेवली, जागेवर येऊन बसल्या आणि नकाशावरचं ते लाल घर पुन्हा एकदा लाल पेन्सिलीनं, कडेपर्यंत नीट भरलं. "पुढची," त्या म्हणाल्या.

पुढचीही आडवी होती. त्याच्या पुढची तिरपी, मग पुन्हा तीन आडव्या. प्रत्येक भेग कांडीच्या कुठल्या टोकापासून किती अंतरावर आहे हे ऑरिन मोजून सांगत होता आणि बाई लिहून घेत होत्या. जेवणाची सुट्टी झाली तरी कुणी उठलं नाही. विसाव्या आडव्या भेगेला बाईंचा हात लिहिता लिहिता थांबला. त्यांनी आकड्यांचा कागद उलटा धरला, सुलटा धरला, आणि तिथल्या तिथं विसरल्या की त्या मघाशी कुणावर रागावल्या होत्या.

"या सगळ्या कांडीच्या मधल्याच पट्ट्यात का आहेत हो?" त्यांनी विचारलं. "जिथं सगळ्यात जास्त तापतं त्या टोकाला एकही नाही. असं का?"

ते ऑरिनला माहीत नव्हतं, आणि तसं त्यानं सांगितलं. बाईंनी खुर्ची त्याच्या बाजूला ओढून घेतली.